कडव्या वालांची बोटीवरची आमटी

मीठ मला वासावरून कळतं, असं मी सव्वीस वर्षं लोकांना सांगत आले. ते खोटं नव्हतं. उकळी आली की पातेल्यावर जरा वाकायचं. वाफ गालाला लागते, आणि मीठ नसेल तर ती वाफ नुसती गरम पाण्याची वाटते. हे मला कुणी शिकवलं नाही. शिकावंच लागलं, कारण रांधताना चाखायची मला सवय नव्हती.

मी महाडमध्ये लोकांच्या घरी जेवण करायला जाते. माझं माहेर उमरठच्या वरच्या अंगाला, डोंगरातल्या वाडीवर. तिथे शाळा चौथीपर्यंत. पाचवीला खाली उतरावं लागे आणि घरात गुरं होती, त्यांच्यामागे कुणीतरी जायला हवंच. म्हणून माझी चौथी. लिहिता-वाचता येतं, पण चार माणसांत तोंड उघडत नाही. नव्या घरी काम लागलं की पहिला महिना मी नुसती मान हलवते.

लग्न होऊन सासरी आले तेव्हा पहिल्याच आठवड्यात मी आमटीचा एक थेंब तळहातावर घेऊन जिभेला लावला होता. सासूबाईंनी ते बघितलं. पातेलं उचललं, गोठ्यात नेऊन गुरांच्या घमेल्यात ओतलं आणि माझ्या पुढ्यात रिकामं ठेवलं. मी दुसरी आमटी केली. त्यानंतर रांधताना जिभेला काही लावलं नाही. त्यांचं म्हणणं एवढंच, की रांधणारीने चाखलं की ते उष्टं. देवाच्या आणि घरच्यांच्या आधी तिच्या जिभेला लागता कामा नये. सासूबाई गेल्या, नवरा गेला, मी महाडला आले, दुसऱ्यांच्या गॅसपुढे उभी राहिले, तरी हात तोंडाकडे गेला नाही.

मग दुसऱ्याच्या घराची चव कशी सांभाळायची? ते मी ताटावरून ओळखते. नव्या घरी पहिले तीन-चार दिवस मीठ-तिखट हात राखूनच घालायचं. भांडी घासायला आली की ताटं बघायची. कडेला सारलेली भाजी, वाटीत राहिलेला रस्सा, अर्धी ठेवलेली भाकरी. ताट कधी खोटं बोलत नाही. माणसं बोलतात. एका मास्तरांच्या घरी बाई रोज म्हणायच्या, "छान झालंय हं मावशी," आणि वांग्याची भाजी रोज तशीच परत यायची. पाचव्या दिवशी मी चिमूटभर गूळ टाकला. ताट पुसल्यासारखं आलं. घाटावरची माणसं ती.

औद्योगिक वसाहतीत पाळी करणाऱ्या चौघा जणांची खोली होती, त्यांचं दोन वर्षं केलं. रात्रपाळी करून सकाळी आलेल्या माणसाच्या तोंडाला चव नसते. त्यातला एक रोज म्हणायचा, "मावशी, आज कायच लागत नाय." मी मिरच्या वाढवत गेले. शेवटी तिघांना ठसका लागायचा आणि हा बाबा म्हणायचा, आता कुठे जेवण वाटतंय. त्या तिघांनी मला सोडलं नाही, त्याला वेगळ्या खोलीत पाठवलं. एकदा दीडशे पानांचं पूजेचं जेवण केलं, मोठ्या टोपात वरण, आणि मीठ अस्सं बरोबर. न चाखता. चाखलं का, हे मला कुणी विचारलं नाही, पण मला माहीत होतं. मनातल्या मनात मी फार चढून गेले होते, हे आता लिहायला हरकत नाही.

काकांचं काम मला दिवाळी झाल्यावर मिळालं.

काका म्हणजे वरंधच्या अलीकडे, घाटरस्त्याला लागून असलेल्या वाडीतले. सगळे त्यांना बोटवाले काका म्हणतात. अठराव्या वर्षी मुंबईला गेले, तिथून बोटीवर. भांडी घासता घासता पुढे बोटीचे मुख्य आचारी झाले. आता पंचाहत्तरीच्या पुढे. बायको चार वर्षांपूर्वी गेली. साथीच्या वर्षी त्यांना तो ताप आला, ते बरे झाले, पण जिभेची चव गेली ती परत आली नाही. वासही गेला. मीठ आणि साखर समोर ठेवली तर बोटांनी चुरून ओळखायचे. चव नाही म्हणून जेवण नाही, आणि जेवण नाही म्हणून अंगावर कपडे लोंबायला लागले.

त्यांची मुलगी वैशाली वसईला असते. तिने मला महाडच्या एका घरातून शोधून काढलं. पहिल्या दिवशी ती काकांना घेऊन दोन घरं पलीकडच्या गिरणीत गेली. तिथे धान्याची पोती तोलायचा काटा आहे. त्यावर काकांना उभं केलं. लाल आकडे एक्कावन्नावर थांबले.

"मावशी, ऐका," वैशाली मला म्हणाली, "बाबांना इथं एकट्यानं राहायचं असेल तर हा काटा पन्नासाच्या खाली यायला नको. आला तर मी घराला कुलूप लावून त्यांना वसईला नेणार. चार जिन्यांवर घर आहे माझं, माहितीये. पण डोळ्यांसमोर तरी राहतील."

काका काट्यावरून उतरता उतरता म्हणाले, "आणि शिमग्याला पालखी आली की? कुलूप बघून पुढे जाईल."

"जाऊ दे."

"जाऊ दे कशी गो? चाळीस वर्षं पालखी दारात आली तेव्हा मी समुद्रावर होतो. तुझी आय एकटी ओवाळायची. आता मी हाय तर घराला कुलूप?"

मी मान हलवली, आणि काम लागलं.

रोज सकाळी पहिल्या एस.टी.ने मी जायची, दुपारी परत. पहिले आठ दिवस मी आपलं नेहमीचं केलं. भात, मच्छी, भाकरी. ते चार घास खायचे आणि ताट सारायचे. मग एक दिवस म्हणाले, "बाय, तुला फाजोली येते काय?"

मी मान हलवली. नाही.

"सूप असतं. सूप म्हटलं की लोकांना आजारी माणसाचं पाणी वाटतं. तसं नाय. घट्ट असतं. चमचा उभा ऱ्हायला पायजे. आमच्या बोटीवर इटलीचा एक म्हातारा इंजिनिअर होता, तो दर शुक्रवारी गॅलीत यायचा आणि मला बाजूला सारून स्वतः करायचा. त्याच्या आयची आमटी. मी बघून बघून शिकलो. मग तो मला करायला सांगायचा आणि खाताना रडायचा, लेकाचा." गॅली म्हणजे बोटीवरचं स्वयंपाकघर. काका पुढे म्हणाले, "चव तर कळायची नाय. पण तोंडात काय आलं ते तरी कळेल. वाल मऊ, पास्ता जरा कडक. भात-मच्छीत सगळं सारखंच लागतं मला."

कृती त्यांनी खुर्चीवर बसून सांगितली. वाल नाहीतर राजमा रात्री भिजत घालायचा. कांदा, गाजर आणि एका पाल्याचे देठ बारीक चिरून तेलात हळूहळू परतायचे, लाल करायचे नाहीत, नुसते नरम. तो पाला आपल्याकडे मिळत नाही, त्याऐवजी मी परसातल्या ओव्याची दोन पानं आणि कोथिंबिरीचे देठ घेतले. मग लसूण, टोमॅटो, तमालपत्र. मग शिजलेले दाणे. त्यातले निम्मे वाटून परत आत घालायचे, म्हणजे रस्सा दाट होतो. शेवटी त्याच रश्श्यात पास्ता शिजवायचा. छोट्या भुंगळ्यांसारखा तो पास्ता महाडच्या दुकानात पुडीत मिळतो. झाकून थोडा वेळ तसंच ठेवायचं. ताजं ताजं वाढायचं नाही.

घरात कडवे वाल होते, शेजाऱ्यांच्या शेतातले. भात कापल्यावर त्याच ओलीवर आमच्याकडे वाल टाकतात. मी ते भिजवले, फडक्यात बांधले, मोड आणले, आणि दोन दिवसांनी कोमट पाण्यात घालून एकेक साल काढली. डाळिंब्या झाल्या, पांढऱ्या, टपोऱ्या. काकांनी परातीत बघितलं आणि कपाळावर हात मारला.

"साल काढलीस? गेला ना जीव त्याचा! आणि पाणी?"

"टाकलं."

"टाकलं! बाय, बोटीवर गोडं पाणी मोजून मिळायचं. भिजवलेलं पाणी कोण टाकेल? त्यातच शिजवायचं. साल, पाणी, सगळं. कळलं?"

मला ठाऊक होतं की कडव्या वालाचं पहिलं पाणी कडू असतं. आमच्याकडे मोड न आणता, सालीसकट वाल कुणी शिजवत नाही. ते मला बोलायचं होतं. पण समोरचा माणूस पस्तीस वर्षं आचारी, देशोदेशीच्या माणसांना जेवायला घातलेला. मी चौथी. म्हटलं, बोटीवर असंच करत असतील. मान हलवली.

दुसऱ्या दिवसापासून सालीसकट, पाण्यासकट. कुकरच्या सात शिट्ट्या. रंग काळपट यायचा. मीठ नेहमीसारखं अंदाजाने आणि वासावर. पण एक अडचण होती. पास्ता बसला की पाणी पितो आणि मीठही पितो. पहिल्या उकळीला बरोबर वाटलेलं अर्ध्या तासाने काय होतं ते वाफेवरून कळत नाही. माझा हात त्या पदार्थाला ओळखतच नव्हता.

वाढताना काका विचारायचे, "चाखलंस?"

मी मान हलवायची. हो.

पहिल्या दिवशी त्यांनी वाटी पुसून खाल्ली. दुसऱ्या दिवशीही. मी घासताना वाटी बघायची, कडेला काही नाही. ताट खोटं बोलत नाही हे माझं ठाम मत, म्हणून मी निर्धास्त. हे माझ्या लक्षातच आलं नाही की ज्याला चवच नाही त्याचं ताट काय सांगणार? ते तोंडात वाल मऊ लागतोय, पास्ता कडक लागतोय एवढ्यावर खात होते. बाकीचं ते मनातल्या इटलीच्या म्हाताऱ्याच्या हातचं खात होते.

तिसऱ्या आठवड्यापासून वाटीत तळाशी राहायला लागलं. मग अर्धी वाटी. पोटावर हात फिरवून म्हणायचे, "गच्च वाटतं गो. वय झालं." मी जिरं भाजून पाण्यातून द्यायची. वाल सालीसकट पचायला जड, हे माझ्या आईने मला परकर नेसायला लागायच्या आधी शिकवलेलं. पण मी बोलले नाही. रोज येताना एस.टी.त ठरवायची की आज सांगायचं. ओट्यापुढे उभी राहिले की शब्द जायचे.

संक्रांतीनंतरच्या रविवारी वैशाली आली. आधी गिरणी. मी दारातून बघत होते. काका काट्यावर चढले, आणि आकडा मोठ्याने वाचायला आलेला गिरणीवाला अण्णाही थबकला. साडेअठ्ठेचाळीस.

वैशाली घरी आली ती सरळ आतल्या खोलीत गेली आणि काकांची बॅग काढून तिच्यात कपडे भरायला लागली. काका ओटीवर बसून राहिले. थोड्या वेळाने ती स्वयंपाकघरात आली. डोळे लाल. "मावशी, भूक लागलीये. काय आहे ते द्या."

मी वाटी भरून दिली. तिने पहिला चमचा तोंडात घातला आणि उठून मोरीत जाऊन थुंकली.

"कडू जहर आहे हे! आणि मीठ... मावशी, हे रोज देता तुम्ही बाबांना?"

मी हातातली पळी खाली ठेवली.

"चाखलं नाही का तुम्ही?"

ओटीवरून काकांचा आवाज आला, "चाखते की. मी रोज विचारतो तिला. चाखलंस ना गो बाय?"

मान हलवून भागलं असतं. पण ते बाहेर बसले होते. माझी मान त्यांना दिसणार नव्हती. बोलावंच लागणार होतं.

"नाय काका," मी म्हटलं. "मी कधीच नाय चाखत."

आवाज एवढा बारीक आला की वैशालीलाच तो बाहेर सांगावा लागला. ती म्हणाली, "कधीच चाखत नाहीत म्हणे."

काका काठी टेकत आत आले. मला वाटलं, आता पातेलं गोठ्यात जाणार. पण ते माझ्यासमोर खुर्चीत बसले. मग हसायला लागले. रागाचं हसू होतं की खरं, कळेना.

"म्हणजे मला जीभ नाय आणि तुला हाय तर तू ती वापरत नायस. आणि दोघं मिळून आपण इटलीचं जेवण करतोय."

मी सासूबाईंचं सांगितलं. गुरांच्या घमेल्यात ओतलेलं पातेलं वगैरे. माझ्या आयुष्यात मी एका दमात एवढं पहिल्यांदाच बोलले असेन. मग म्हटलं, बोलायला लागलेच आहे तर हेही, "आणि काका, कडव्या वालाचं पाणी टाकायलाच लागतं. साल काढायला लागते. तुमची आय काढायची का नाय?"

"काढायची," ते म्हणाले. "सगळ्या बायका अंगणात बसून काढायच्या. मला वाटायचं गप्पा मारायला काढतात."

वैशालीला हसू आलं. तिने ते दाबलं, पण मला दिसलं.

"बोटीवर कुठले वाल होते?" मी विचारलं.

"पांढरे. मोठे. कडू नव्हते." ते म्हणाले. "वालाला वाल म्हटलं मी. पस्तीस वर्षं रांधलं, पण घरातल्या चुलीपुढे एक दिवस बसलो नाय. तुला ठाऊक होतं तर बोलली का नायस?"

मी वैशालीची ती वाटी उचलून मोरीत ओतली. पोटभर जेवू घालायला गेलेली बाई, आणि माझ्या गप्प राहण्याने त्या माणसाचं अडीच किलो वजन उतरलं होतं. दीडशे पानांच्या वरणाचा माझा सगळा तोरा त्या दिवशी मोरीत गेला.

वैशालीने बॅगेची चेन लावली. काका म्हणाले, "शिमग्यापर्यंत दे. तोवर पन्नास केलं नाय तर मी स्वतः कुलूप लावून तुझ्या हातात किल्ली देतो."

"आणि जेवण कोण करणार?"

काकांनी माझ्याकडे बोट केलं. "हीच. पण आता चाखून."

वैशाली बॅग तिथेच ठेवून गेली. रिकामी केली नाही, भरलेलीच. जाताना दाराचं मोठं लोखंडी कुलूप तेलपाणी करून खुंटीवर टांगून गेली.

दुसऱ्या दिवसापासून माझी शाळा पुन्हा सुरू झाली. काका खुर्ची ओट्याजवळ घ्यायचे. त्यांच्याकडे बोटीवरची रीत होती, दोन चमच्यांची. एक चमचा पातेल्यात जातो, तो तोंडाला लागत नाही. त्यातलं दुसऱ्या चमच्यात ओतायचं, तो तोंडात जातो, तो पातेल्यात जात नाही. "झालं उष्टं?" त्यांनी विचारलं. मी म्हटलं, नाय. "मग?"

मग काही नाही. पण चमचा तोंडाशी आला की माझे ओठ मिटायचे. पाठीमागे कुणी उभं आहे असं वाटायचं. पहिल्या दिवशी मी भिंतीकडे तोंड करून चाखलं. गरम होतं, जीभ पोळली. डोळ्यांत पाणी आलं ते पोळल्याचंच असावं. सव्वीस वर्षांत मी चुलीवरचं, असं उतरायच्या आधीचं, कधी तोंडात घेतलंच नव्हतं. सगळ्यांचं झाल्यावर उरलेलं, निवलेलं, तेच मला माझ्या हातची चव म्हणून ठाऊक.

"कसं हाय?"

"बरं हाय."

"बरं म्हणजे काय? मला कळत नाय म्हणून तर तुला विचारतो. नीट सांग. मीठ कुठे हाय?"

मला शब्द सापडेनात. चव सांगायची कधी वेळच आली नव्हती. मी पुन्हा दुसऱ्या चमच्याने घेतलं आणि तोंडातच ठेवलं.

"मीठ... मागं हाय. आधी टमाट्याचं आंबट येतं. मग कांद्याचं गोड. लसूण एकदम शेवटाला."

"आणि वाल?"

"वाल कडवट हाय. पण जहर नाय. मेथीसारखं, जरासं. मग गोडसर होतं."

काकांनी डोळे मिटले होते. "अजून चिमूटभर मीठ टाक आणि परत सांग."

आता डाळिंब्या मोड आणून, सोललेल्या. निम्म्या वाटलेल्या, निम्म्या आख्ख्या. पास्ता कमी शिजवून उतरवायचा, कारण तो बसल्यावर फुगतोच. एकदा दुकानातला पास्ता संपला म्हणून मी कणकेची पातळ पोळी लाटून तिचे वेडेवाकडे तुकडे कापून घातले. काकांनी बोटांत एक तुकडा धरून बघितला आणि म्हणाले, "हे बघायला तो म्हातारा हवा होता. त्याची आय असेच घालायची म्हणायचा." तेव्हापासून आम्ही पुडी आणली नाही.

ते जेवायला बसले की मी दारात उभी राहून सांगायची आणि ते खायचे. एक घास माझा शब्द, एक घास त्यांचा चमचा. "आज लसूण जास्त झालाय." "आज ओव्याचं पान पुढं येतंय." शेजारची एक म्हातारी दारावरून जाताना म्हणाली, "काय गो, पोथी वाचतेस काय त्याला?" काका आतून ओरडले, "व्हय! तूपण बस ऐकायला." ती बसली नाही, पण दुसऱ्या दिवशी वाटी घेऊन आली.

एखाद्या दिवशी मी काही न सांगता नुसती वाढायची, तर ते चमचा खाली ठेवून वाट बघायचे. आणि मी काही बोलायच्या आत कधी कधी म्हणायचे, "मीठ कमी झालंय ना? तुझ्या तोंडावर दिसतंय." खरंच कमी असायचं.

शिमग्याला वैशाली पालखीच्या दिवशी सकाळीच आली. तिने काकांना घेतलं आणि गिरणीकडे निघाली. या वेळी मीही गेले. काका जरा जास्तच सावकाश चालत होते, एक हात सदऱ्याच्या खिशात.

काटा पन्नास पूर्णांक चारवर थांबला. गिरणीवाला अण्णा टाळी वाजवायला लागला. वैशाली वाकून आकडे बघत होती, मग तिने वर बघितलं.

"बाबा, खिशात काय आहे?"

"कुठं काय?"

"काढा."

काकांनी खिशातून दाराचं ते लोखंडी कुलूप काढलं. अण्णाने तोंड फिरवलं, खांदे हलत होते त्याचे. कुलूप बाजूला ठेवल्यावर आकडा एकोणपन्नास पूर्णांक आठ झाला.

"दोनशे ग्रॅम," काका म्हणाले. आवाज एकदम लहान झाला होता. "सकाळी चहा नाय घेतला मी. चहा घेतला असता तर..."

वैशाली पुन्हा काट्याकडे वळली. मला वाटलं मी काहीतरी बोलावं. आणि मी बोलले. म्हटलं, "ताई, दुपारची वाटी अजून ऱ्हायलीय. आज मी वाल जास्त घेतलेत."

तिने कुलूप उचललं, हातात तोललं आणि आपल्या पर्समध्ये टाकलं. "हे मी नेते," ती म्हणाली. "इथं नको. उगाच खिशात घालून फिराल."

दुपारी ढोल ऐकू आले. नैवेद्य वैशालीने केला होता, पुरणपोळीचा. तो काही कुणी चाखला नाही. काका म्हणाले होते, "देवाचं देवाला. आपलं आपल्याला." पालखी दारात आली, अंगणात नाचवली, आणि काकांनी काठी भिंतीला लावून स्वतः ओवाळलं. निरांजन दोनदा कललं, वैशालीने खालून हात दिला. मी हे स्वयंपाकघराच्या खिडकीतून बघत होते.

मग पालखीच्या माणसांना जेवायला बसवायचं होतं. ओटीवर, अंगणात, जागा मिळेल तिथे. दोन मोठे टोप आमटी होती, बोटीवरची. मुंबईहून आलेला एक जण टोपात डोकावून म्हणाला, "काका, ह्यात पास्ता हाय काय? शिमग्याला पास्ता?" बाकीचे हसले. स्वयंपाकघरात सात-आठ बायका होत्या, पळ्या, ताटं, गडबड. त्यात सासूबाईंच्या वयाच्या दोघी. वैशालीने त्या गर्दीतून दोन चमचे माझ्यापुढे धरले.

"मावशी, मीठ बघा."

सगळ्या माझ्याकडे बघायला लागल्या. एका चमच्यातून दुसऱ्यात ओतलं. भिंतीकडे वळायला जागा नव्हती. मी तिथेच, सगळ्यांसमोर, तोंडात घेतलं.

बाहेर काका खुर्चीत ताठ बसून आत बघत होते. कुणीतरी त्यांना काही विचारत होतं, त्यांनी हाताने त्याला थांबवलं. ते वाट बघत होते.

ढोल अजून चालू होता, म्हणून मला मोठ्याने बोलावं लागलं. "मीठ बरोबर हाय काका! टमाटा जरा पुढं हाय. वाल कडवट हायत, पण चांगले."



"वाढा मग," काका म्हणाले.